वाचक विचारतात : गोंकूर नाकारणारे भूगोलाचे मास्तर

मागच्या अंकात पुरस्कारांबद्दलच्या एका प्रश्नाला उत्तर देताना मी जाता जाता झ्युलिएँ ग्राक या फ्रेंच कादंबरीकाराचं नाव घेतलं आणि पुढे सरकले. संपादकांनी पाठवलेल्या पाकिटातली निम्मी पत्रं त्याच एका ओळीवर निघाली. म्हणून या खेपेला सगळी जागा ग्राक यांना देऊन टाकते. ज्यांनी फ्रेंचच्या परीक्षांबद्दल विचारलं आहे, त्यांनी रागावू नये. त्यांची पत्रं जपून ठेवली आहेत.

डोंबिवलीहून एक निवृत्त बँक कर्मचारी : १९५१ साली ग्राक यांनी गोंकूर पुरस्कार नाकारला, एवढंच लिहून तुम्ही विषय बदललात. नाकारला म्हणजे नेमकं काय केलं? आणि रक्कम किती होती? बँकेतल्या सवयीने विचारतो, राग मानू नका.

राग कसला, आधी रकमेचंच सांगते. गोंकूर म्हणजे फ्रान्समधला कादंबरीसाठीचा सर्वांत मानाचा पुरस्कार. गोंकूरचा धनादेश आज दहा युरोंचा असतो. दादर स्टेशनबाहेर चार माणसांचा नाश्ता होईल, फार तर वर चहा. पण नाव जाहीर झालं की त्या पुस्तकाच्या प्रती लाखांच्या हिशोबात खपतात. पैसा आहे तो तिथे, आणि म्हणूनच पॅरिसमधल्या प्रकाशकांची त्यासाठी ओढाताण चालते.

आता हकीकत. ग्राक यांनी १९५० च्या सुरुवातीला एक सणसणीत लेख लिहिला होता. त्या काळचं साहित्यविश्व, त्यातले परीक्षक, वर्तमानपत्रांतली गाजवागाजव यांवर. फ्रान्समध्ये लेखकाला लोक वाचतात कमी आणि त्याच्याबद्दल बोलतात जास्त, हा त्यातला मुख्य आक्षेप. लेखाची पुस्तिका निघाली आणि बरीच खळबळ झाली. पुढच्याच वर्षी त्यांची ‘ल रिव्हाज दे सिर्त’ ही कादंबरी आली. ‘सिर्तचा किनारा’ म्हणू या. शरद ऋतूत पुरस्कारांचा हंगाम सुरू झाला आणि याच कादंबरीचं नाव घेतलं जाऊ लागलं. तेव्हा नोव्हेंबरच्या अखेरीला ग्राक यांनी ‘फिगारो लितेरेर’ या साप्ताहिकात जाहीर करून टाकलं, की मी उमेदवार नाही आणि माझी भूमिका कालची तीच आजही आहे.

तरीही परीक्षक मंडळी ३ डिसेंबरला द्रुआँ या उपाहारगृहात नेहमीप्रमाणे जेवायला बसली, मतं मोजली आणि गोंकूर ग्राक यांनाच दिला. ग्राक यांनी तो घेतला नाही. १९०३ पासून चालत आलेल्या या पुरस्काराला असा जाहीर नकार पहिल्यांदाच मिळत होता. मजा अशी, की गोंकूर अकादमीच्या यादीत १९५१ समोर त्यांचं नाव आजही आहे. देणाऱ्यांनी दिला, घेणाऱ्याने घेतला नाही, हिशोब तसाच उघडा पडलाय. तुमच्या बँकेत चाललं नसतं.

मला स्वतःला परीक्षकांचं वागणं फारसं आवडत नाही. माणूस आधीच लेखी सांगतोय की नको, तरी त्याच्या गळ्यात घालायचं! पण पुस्तक चांगलं होतं, हेही त्यांना दिसलं असणारच. आणि नकाराच्या बातमीने पुस्तकाचा गाजावाजा झाला तो झालाच. नोबेल नाकारणारे सार्त्र यानंतर तेरा वर्षांनी आले.

माहीमहून एक वाचक : म्हणजे फ्रान्सचे जी. ए. कुलकर्णीच म्हणा की!

म्हणू नका. मोह मलाही होतो. दोघेही मास्तर, दोघेही समारंभांपासून लांब, दोघांच्याही लेखनात प्रदेश माणसांच्या बरोबरीने उभा. पण जी. एं.नी ‘काजळमाया’ला मिळालेला साहित्य अकादमी पुरस्कार परत केला तो प्रकाशनाच्या तारखेवरून वाद झाला म्हणून. पुरस्कार या प्रकारालाच त्यांचा विरोध होता असं नाही. ग्राक यांचा होता. दुसरं म्हणजे, जी. ए. पत्रांतून किती मोकळे होत, ते त्यांची पत्रं वाचणाऱ्याला ठाऊक आहे. ग्राक कुठेच तसे मोकळे होत नाहीत. पानंच्या पानं नदीबद्दल, स्टेशनांबद्दल, वाचलेल्या पुस्तकांबद्दल, आणि स्वतःच्या सुखदुःखाबद्दल मोजून दोन वाक्यं.

पार्ल्याहून एक वाचक : मुलाने इंग्रजीतून ‘सिर्तचा किनारा’ आणून दिली. दीडशे पानं वाचून सोडली. मॅडम, काहीही घडत नाही हो त्यात!

तुम्ही एकटे नाही. माझ्याकडची फ्रेंच प्रत मी फ्लोरा फाउंटनच्या फुटपाथवरून घेतलेली, कॉलेजात नव्याने शिकवायला लागले होते तेव्हा. ग्राक यांचे प्रकाशक जोझे कोर्ती. त्यांची पुस्तकं जुन्या पद्धतीची असत, म्हणजे पानांच्या कडा न कापलेल्या. छापलेला मोठा कागद घड्या घालून शिवलेला, त्यामुळे दर काही पानांनी दोन पानं कडेला जोडलेली. वाचायचं तर सुरी घेऊन बसायचं आणि कापत कापत पुढे जायचं. माझ्या प्रतीच्या आधीच्या मालकाने साधारण अर्ध्यापर्यंत पानं फार नीटनेटकी कापली होती, धारदार सुरीने. पुढचा गठ्ठा जसाच्या तसा जोडलेला. कोण होता, कुठला होता, देव जाणे. पण तुमच्यासारखाच कंटाळला, हे कागदावर स्पष्ट लिहून ठेवल्यासारखं दिसत होतं. उरलेली पानं मी आमच्या दादरच्या घरात, ऐन जुलैत, स्टीलच्या फूटपट्टीने कापली. पावसाळ्यात कागद दमट असतो, सरळ कापला जात नाही, कडेला कापसासारखे तंतू निघतात. म्हणून आजही ते पुस्तक हातात घेतलं की कुठपर्यंत तो आणि कुठून मी, ते बोटाला कळतं.

आता तुमच्या तक्रारीकडे येते. ऑर्सेना नावाचं एक जुनं, श्रीमंत, सुस्तावलेलं राज्य. समुद्रापलीकडे फारगेस्तान. दोघांत युद्ध सुरू आहे, पण तीनशे वर्षांत कुणी कुणावर गोळी झाडलेली नाही. तहही केलेला नाही. युद्ध कागदावर तसंच पडून आहे. आल्दो हा चांगल्या घरातला तरुण सरकारी निरीक्षक म्हणून सिर्तच्या ओसाड किनाऱ्यावरच्या नौदलाच्या ठाण्यावर येतो. ठाण्याचा कप्तान मारिनो याची सगळी धडपड एकच : काही घडू नये.

सोडलेलं पुस्तक पुन्हा उचललंत तर नकाशांच्या खोलीतला प्रसंग आधी वाचा. तो सुरुवातीलाच आहे, तुमच्या डोळ्यांखालून गेला असणार. आल्दो त्या खोलीत पुन्हा पुन्हा जाऊन बसतो. टेबलावर समुद्राचा नकाशा पसरलेला. किनाऱ्यापासून काही अंतरावर एक काळी तुटक रेघ : गस्तीच्या बोटींनी इथपर्यंतच जायचं. त्याच्या पलीकडे एक अखंड लालभडक रेघ : ही सरहद्द. करार वगैरे काही नाही, दोन्ही बाजूंनी मुकाट्याने मानलेली. आल्दो त्या रेघेकडे बघतो, बस. कुणी आत येत नाही, कुणी काही बोलत नाही. पण त्या पानांनंतर आपल्यालाही कळून चुकतं की हा पोरगा एक दिवस बोट घेऊन ती रेघ ओलांडणार, आणि मग पुढची शंभर पानं ‘काहीही न घडणं’ असह्य होत जातं. बोटीची रात्र येते तेव्हा मी ती एका बैठकीत वाचली. समोरच्या किनाऱ्यावर काय होतं ते सांगत नाही. तीन आवाज होतात, इतकंच.

हे पुस्तक वाचताना १९३९ आठवावं. ग्राक त्या पिढीचे, जिला युद्ध येणार हे माहीत होतं आणि रोजचे व्यवहार मात्र चालूच होते. त्यांनी स्वतः पुढे लिहिलं आहे की मला एखादी ठरावीक घटना सांगायची नव्हती, इतिहासाचा अर्क काढायचा होता, दारू गाळतात तसा. गाळायला वेळ लागतो, तेवढा वेळ ते तुमच्याकडून घेतात. ज्याला द्यायचा नसेल त्याने खुशाल सोडावं. त्यात कमीपणा नाही.

गिरगावातून कॉलेजात शिकणारी एक वाचक : मी बी.ए.ला आहे, फ्रेंच नुकतंच सुरू केलंय. सुरुवात कुठून करू?

फ्रेंचमधून आत्ताच नको. त्यांचं वाक्य कधी कधी अर्धं पान चालतं, तुझा क्रियापदांवरचा विश्वास उडेल. इंग्रजीतून ‘बाल्कनी इन द फॉरेस्ट’ घे, रिचर्ड हॉवर्ड यांचं भाषांतर. मूळ पुस्तक १९५८ चं. ते लहान आहे, त्यात बर्फ आहे, प्रेम आहे, आणि माणसं चारचौघांसारखी बोलतात.

ग्रांज नावाचा तरुण अधिकारी १९३९ च्या शरद ऋतूत बेल्जियमच्या सीमेजवळ, आर्देनच्या जंगलात येतो. त्याच्या ताब्यात एक विचित्र घर आहे : खाली काँक्रीटचा बंकर आणि रणगाडाविरोधी तोफ, वर राहायच्या खोल्या. बरोबर तीन सैनिक. युद्ध जाहीर झालंय, पण इकडे फिरकत नाही. ते लाकडं फोडतात, कॉफी पितात, जंगलात भटकतात. पावसात टोपीची शाल पांघरून रस्त्याने चाललेली मोना ग्रांजला भेटते. ती पहिल्यांदा पाठमोरी दिसते, डबक्यांतून उड्या मारत जाणारी. शाळकरी मुलगी असावी असं त्याला वाटतं, आणि ती निघते तरुण विधवा. तो परिच्छेद पेन्सिलने खूण करून ठेव. मग मे १९४० येतो. जर्मन सैन्य नेमकं त्याच जंगलातून आलं, हे तू इतिहासात शिकली असशील.

ग्राक स्वतः लेफ्टनंट होते, पण आर्देनमध्ये नव्हते. त्यांची तुकडी डंकर्कच्या बाजूला लढली, ते पकडले गेले आणि त्यांची रवानगी जर्मनीतल्या होयर्सवेर्दाच्या छावणीत झाली. छातीच्या आजारामुळे १९४१ मध्ये सुटका झाली. युद्धातल्या त्या दिवसांची त्यांची वही त्यांच्या मृत्यूनंतर, २०११ मध्ये छापली गेली. सत्तर वर्षं कपाटात!

फ्रेंच जरा हाताशी आलं की ‘ला फोर्म द्युन व्हील’ वाच. नाँत शहरावरचं पुस्तक, १९८५ चं. अकराव्या वर्षी ते तिथल्या शाळेच्या वसतिगृहात राहायला आले. आठवडाभर कोंडलेले आणि सुटीच्या दिवशी बाहेर. त्यामुळे शहर पाहिलं त्यापेक्षा कल्पिलं जास्त. पुस्तकाचं नाव बोदलेर या फ्रेंच कवीच्या ओळीवरून घेतलंय, शहर माणसाच्या मनापेक्षा लवकर बदलतं अशा अर्थाच्या. गिरगावात मेट्रोचं खोदकाम बघत मोठी झालेल्या मुलीला ते समजावून सांगायला नको.

ठाण्याहून एक माध्यमिक शिक्षक : मीही भूगोलच शिकवतो. हे गृहस्थ खरंच शाळेत शिकवत होते? वर्गातल्या मुलांना त्यांच्या लेखनाबद्दल माहीत होतं का?

खरंच शिकवत होते, आणि हौस म्हणून नव्हे. खरं नाव लुई प्वारिए, जन्म २७ जुलै १९१०. पॅरिसच्या एकोल नॉर्माल या नामांकित उच्च शिक्षणसंस्थेतून १९३४ साली इतिहास-भूगोलाची अध्यापकांची सर्वांत कठीण परीक्षा उत्तीर्ण. एमान्युएल द मार्तोन या नामांकित भूगोलतज्ज्ञांचे विद्यार्थी. त्याच वर्षी भूगोलाच्या नियतकालिकात त्यांचा लेख आला तो आपल्याच आँजू प्रदेशाच्या दक्षिण भागावर, कुंपणाची शेतं आणि मोकळं मैदान असा विषय. कादंबरी नंतर. पुढे नाँत, कँपेर, काँचं विद्यापीठ असं करत १९४७ पासून १९७० पर्यंत पॅरिसच्या लीसे क्लोद-बेर्नारमध्ये. शाळा पार्क दे प्रँसच्या स्टेडियमला लागून आहे. फुटबॉल हा प्वारिए सरांचा आवडता खेळ, तेव्हा नेमणूक वाईट नव्हती. बुद्धिबळही दांडगं.

टोपणनाव त्यांनी मुख्यतः या नोकरीसाठीच घेतलं. झ्युलिएँ हे स्तांदाल या कादंबरीकाराच्या नायकाचं, ग्राक हे प्राचीन रोमच्या ग्राकस बंधूंवरून. वर्गात प्वारिए, पुस्तकावर ग्राक. १९५१ नंतर अख्ख्या पॅरिसला ठाऊक झालं, म्हणजे मुलांनाही झालंच. पण वर्गात त्याचा उल्लेख नाही. यायचे, शिकवायचे, जायचे.

तुम्ही भूगोलवाले आहात म्हणून एक गोष्ट मुद्दाम सांगते. त्यांच्या गद्यात ‘सुंदर देखावा’ क्वचितच येतो. उतार कुठे सुरू होतो, दगड कुठला, शेताला कुंपण कशाचं, रस्ता टेकडीला वळसा घालतो की चढतो, हे आधी येतं. ‘लेझो एत्रुआत’ नावाचं त्यांचं पुस्तक जेमतेम पाऊणशे पानांचं. विषय एव्र नावाच्या छोट्या नदीतली होडीची सैर, लहानपणी केलेली. ही नदी त्यांच्या गावाजवळ ल्वारला मिळते, पण होडीवाल्याला तिचा उगमही दिसत नाही आणि मुखही. वर होडी जात नाही आणि खाली बांध आडवा येतो. मधल्या काही किलोमीटरांवर एक म्हातारा होत चाललेला लेखक अख्खं बालपण वल्हवत नेतो. नववीच्या मुलांना नदीची कार्यं शिकवून झाली की स्वतःसाठी वाचा.

कांदिवलीहून एक लेखक : माझा पहिला कथासंग्रह येतोय. प्रकाशक म्हणतात, इन्स्टावर रील टाका, लाइव्ह या, स्वतःचं पुस्तक हातात धरून बोला. मला लाज वाटते. ग्राकसारखं गप्प बसलं तर चालेल?

तुमचं पत्र मी दोनदा वाचलं. उत्तर देण्याआधी ग्राक यांचं गप्प बसणं कशावर उभं होतं, ते सांगते. त्यांच्याबद्दल लिहिणारे हे सोडून बाकी सगळं सांगतात.

पहिलं, पगार. दर महिन्याला सरकारी पगार आणि साठाव्या वर्षी निवृत्तिवेतन. पुस्तकावर त्यांची चूल कधी पेटली नाही, त्यामुळे पुस्तक खपलं नाही तरी घरात बोंब नव्हती. दुसरं, प्रकाशक. ‘ओ शातो दार्गोल’ ही पहिली कादंबरी त्यांनी गालिमार या बड्या प्रकाशनसंस्थेकडे पाठवली. साभार परत. मग लक्झेंबुर बागेसमोर, रू द मेदिसीवर ज्यांचं पुस्तकांचं दुकान होतं त्या जोझे कोर्ती यांच्याकडे गेले. कोर्ती यांनी १९३८ च्या अखेरीला ती छापली, आणि छपाईच्या खर्चातला वाटा ग्राक यांनी स्वतःच्या खिशातून दिला. होय, फ्रान्सच्या या मानी लेखकाचं पहिलं पुस्तक पदरचे पैसे घालून निघालं. आपल्याकडे हे कुणी कबूल करत नाही, म्हणून ठळक सांगते. कोर्ती यांना मग त्यांनी जन्मभर सोडलं नाही.

तिसरं तुमच्या कामाचं आहे. पुस्तक निघाल्यावर ते गप्प बसले नव्हते. एक प्रत त्यांनी आंद्रे ब्रेतों यांना पाठवली. ब्रेतों म्हणजे सुररिअलिस्टांचे, स्वप्नांना आणि अबोध मनाला साहित्यात जागा देणाऱ्या कवी-चित्रकारांच्या गटाचे, म्होरके, ग्राक यांच्या मते त्या काळच्या फ्रान्समध्ये ज्याने वाचायलाच हवं असा माणूस. ब्रेतों यांचं भारावलेलं पत्र आलं, त्याच वर्षी नाँतमध्ये भेट झाली, आणि दुकानात पडून राहिलेल्या पुस्तकाला वाचक मिळू लागले. तरी ग्राक त्यांच्या गटात शिरले नाहीत. मैत्री ठेवली, ब्रेतों यांच्यावर पुस्तक लिहिलं, सह्यांच्या पत्रकांपासून मात्र लांब राहिले. त्याआधी कँपेरला असताना ते कम्युनिस्ट पक्षात होते, संघटनेचं काम करत होते, संपात उतरले होते. १९३९ मध्ये स्टालिनने हिटलरशी करार केला आणि त्यांनी पक्ष सोडला. पुन्हा कुठल्याच पक्षात गेले नाहीत.

तेव्हा तुमचं असं करा. लाज वाटत असेल तर रील करू नका. लाजणाऱ्या माणसाची रील बघवत नाही. पण दहा प्रती बाजूला काढा, ज्यांच्या वाचनाची तुम्हाला खरोखर किंमत आहे अशा दहा जणांना हाताने पत्ता लिहून पाठवा, सोबत चार ओळींचं पत्र. दोघं उत्तर देतील. प्रकाशकाचंही ऐका थोडं. त्यांनी कागदाला पैसे घातलेत, आणि कोर्तींसारखं स्वतःचं दुकान त्यांच्याकडे नसणार. कार्यक्रमाला बोलावलं तर जा, एक कथा नीट वाचून दाखवा. आणि नोकरी सोडू नका. पत्रात शेवटी जे पुसटसं लिहिलंय, त्याला हे उत्तर समजा.

भांडुपहून, नाव नको : लग्न? घरी कोण होतं?

लग्न केलं नाही. गावच्या घरात मोठी बहीण सुझान होती. उतारवयातली बरीच वर्षं भावंडं एकत्र राहिली. ती १९९६ मध्ये गेली. एकांतात राहणाऱ्या लेखकांची चरित्रं वाचताना त्या घरात दुसरं कोण वावरत होतं हे शोधायची मला खोड आहे. ग्राक यांच्याबाबतीत चरित्रकार सुझानबद्दल फारच आवरतं घेतात. बाकी खासगी गोष्टी त्यांनी सांगितल्या नाहीत, मीही उकरत नाही.

वाशीहून एक पत्रकार : एकांतवासी म्हणता, पण इंटरनेटवर त्यांच्या मुलाखती सापडतात. मग हे एकांताचं प्रकरण वर्तमानपत्रांनीच रचलेलं नाही का?

बरंचसं तसंच. ते लपलेले नव्हते. पत्रांना उत्तरं देत. पाहुणा आला तर घरात घेत, बोलत. मुलाखतींचं एक पुस्तकच २००२ साली निघालं. नको होती ती दूरचित्रवाणी. ‘आपोस्त्रोफ’ हा पुस्तकांचा कार्यक्रम अख्खा फ्रान्स शुक्रवारी रात्री बघायचा, त्यात ते गेले नाहीत. खिशात मावणाऱ्या स्वस्त आवृत्त्याही नको होत्या. आपली पुस्तकं कोर्तींकडच्या न कापलेल्या पानांच्या रूपातच मिळावीत, हा हट्ट हयातभर पाळला.

यातलं शेवटचं मला पटत नाही, हेही सांगून टाकते. दूरचित्रवाणीला नकार दिला, त्यात वाचकाचं काही गेलं नाही. स्वस्त आवृत्तीला नकार दिला की विद्यार्थ्याचं जातं. मी जन्मभर ग्रंथालयांच्या जिवावर वाचलेली बाई आहे, मला असला थाट परवडणारा नाही. वर गंमत बघा, प्लेइयाद या सोनेरी कण्याच्या, बायबलसारख्या पातळ कागदाच्या मालिकेत त्यांचं समग्र लेखन १९८९ आणि १९९५ मध्ये दोन खंडांत आलं. जिवंतपणी त्या मालिकेत जाणारे लेखक अगदी थोडे. ती मालिका कुणाची? गालिमारची. पहिली कादंबरी साभार परत करणाऱ्या त्याच गालिमारची. या वेळी ग्राक यांनी नाही म्हटलं नाही. आता तुम्ही पत्रकार आहात, याला विसंगती म्हणायची की पन्नास वर्षांनी झालेली वसुली, तुम्हीच ठरवा.

बोरिवलीहून एक दांपत्य : मुलगी नाँतमध्ये शिकायला आहे, मे महिन्यात जाणार आहोत. ग्राक यांचं गाव पाहता येईल का?

जरूर. गावाचं नाव सँ-फ्लोराँ-ल-व्हिएय, ल्वारच्या दक्षिण तीरावर, नाँत आणि आँजे यांच्या मध्ये. ग्राक तिथेच जन्मले आणि शेवटची वर्षं तिथेच राहिले. २२ डिसेंबर २००७ ला आँजेच्या रुग्णालयात गेले, सत्त्याण्णवाव्या वर्षी. हस्तलिखितं राष्ट्रीय ग्रंथालयाला दिली आणि घर गावाला. त्या घरात आता लेखक येऊन राहतात, लिहितात. कार्यक्रमही होतात. जाण्याआधी कधी उघडं असतं ते मुलीला फोन करून विचारायला सांगा.

घरासमोर नदी आहे आणि नदीत बातायूझ नावाचं मोठं बेट. गाव टेकडीवर आहे. वर मठाचं जुनं चर्च, त्यात बोंशाँ या सेनापतीची समाधी चुकवू नका. १७९३ मध्ये, फ्रेंच राज्यक्रांतीच्या धामधुमीत, राजाच्या बाजूने लढणारं शेतकऱ्यांचं सैन्य मार खाऊन इथे पोचलं. चर्चमध्ये शत्रूचे पाचेक हजार कैदी कोंडलेले होते आणि चिडलेल्या लोकांना ते मारून टाकायचे होते. मरणाच्या दारात असलेल्या बोंशाँने त्यांना सोडायला सांगितलं. त्या कैद्यांत एकाचा मुलगा पुढे मोठा शिल्पकार झाला, दाव्हिद दाँजे. बापाचा जीव वाचवणाऱ्याचा पुतळा त्यानेच घडवला : उघड्या अंगाचा, एका हातावर रेलून अर्धवट उठलेला, दुसरा हात उंचावलेला. इतिहास शिकवणारे प्वारिए मास्तर या दगडाच्या सावलीत लहानाचे मोठे झाले.

स्टेशन गावात नाही, पलीकडच्या तीरावर व्हाराद इथे आहे. तिथून पुलांवरून, बेट ओलांडून चालत यावं लागतं, आणि गावाचं पहिलं दर्शन तिथूनच चांगलं होतं. तेजेव्हे, म्हणजे फ्रान्सची अतिवेगवान गाडी, तिथे थांबत नाही. आपल्या भाषेत सांगायचं तर फास्ट सोडून स्लो पकडा, आणि परतीच्या गाडीची वेळ निघण्याआधीच लिहून घ्या.